१४ ऑक्टोबर १८०६ : प्रशियाचं पानिपत

प्रशियाचं सैन्य म्हणजे फ्रेडरिक द ग्रेटचं सैन्य. सात वर्षांच्या युद्धात फ्रान्स, ऑस्ट्रिया आणि रशिया या तिघांना पुरून उरलेलं. १८०६ च्या उन्हाळ्यात बर्लिनमधल्या तरुण अधिकाऱ्यांनी फ्रेंच वकिलातीच्या पायऱ्यांवर तलवारी परजल्या, त्या याच पुण्याईच्या भरवशावर. ऑक्टोबरच्या एका मंगळवारी सकाळी सहा ते संध्याकाळी पाच या अवधीत त्या सैन्याचं कंबरडं मोडलं. येना आणि आउअरश्टेट या दोन ठिकाणी एकाच दिवशी दोन लढाया झाल्या आणि दोन्ही प्रशिया हरला.

ही हकिगत बहुतेक वेळा नेपोलियनच्या प्रतिभेची म्हणून सांगितली जाते. तासातासाने पाहिली तर ती निराळी दिसते. त्या दिवशी निर्णायक लढाई नेपोलियनने केलीच नाही. आणि जिथे जिथे कुणीतरी काहीतरी ठरवायला हवं होतं, तिथे तिथे प्रशियाच्या बाजूला सगळे एकमेकांच्या तोंडाकडे पाहत राहिले.

दहा महिने आधी

२ डिसेंबर १८०५ ला ऑस्टरलिट्झला नेपोलियनने ऑस्ट्रिया आणि रशियाचा पराभव केला. प्रशियाचा मंत्री हाउगविट्झ नेपोलियनकडे गेला होता तो निर्वाणीचा इशारा द्यायला. परतला तो त्याच्याशी तह करून. तहात प्रशियाला हॅनोव्हर मिळालं. हे हॅनोव्हर इंग्लंडच्या राजाचं, म्हणजे ते घेताच इंग्लंडशी वैर आलं.

१२ जुलै १८०६ ला सोळा जर्मन राज्यांनी पॅरिसमध्ये ऱ्हाइन संघाच्या करारावर सह्या केल्या आणि नेपोलियनचं छत्र पत्करलं. बव्हेरिया आणि व्युर्टेम्बर्गचे शासक त्याच्या कृपेने त्या वर्षीच राजे झाले होते. ६ ऑगस्टला सम्राट फ्रान्सिस दुसरा याने पवित्र रोमन साम्राज्याचा मुकुट उतरवला आणि हजार वर्षांची परंपरा सांगणारं ते साम्राज्य संपलं. त्याच सुमारास बर्लिनला कळलं की नेपोलियन हॅनोव्हर परत इंग्लंडला देऊ करतो आहे. ९ ऑगस्टला प्रशियाने सैन्य उभं करायचा हुकूम काढला. २६ ऑगस्टला न्यूरेंबर्गचा पुस्तकविक्रेता योहान फिलिप पाल्म याला फ्रेंचांनी ब्राउनाउला गोळ्या घातल्या. जर्मनीच्या मानहानीबद्दलचं एक पत्रक त्याने विकलं होतं. जर्मन राज्यांत संतापाची लाट उसळली.

राग योग्य होता, पण वेळ चुकली होती. वर्षभरापूर्वी ऑस्ट्रिया आणि रशिया रणांगणात असताना प्रशिया गप्प बसला. आता तो उठला तेव्हा ऑस्ट्रिया लोळागोळा झाला होता आणि रशियन फौज दूर होती. सोबतीला उरले सॅक्सनी आणि वायमारसारखं छोटं संस्थान.

आठवडाभर आधी : ७ ऑक्टोबर

प्रशियाचा निर्वाणीचा खलिता नेपोलियनला बाम्बेर्गमध्ये मिळाला. फ्रेंच सैन्याने जर्मन भूमी सोडावी, उत्तर ८ तारखेपर्यंत द्यावं, अशी मागणी होती. नेपोलियनने उत्तर दिलं नाही. ८ तारखेला त्याची फौज तीन समांतर रस्त्यांनी थ्युरिंगियाचं जंगल ओलांडून सॅक्सनीत शिरली.

इकडे एरफुर्टमध्ये प्रशियाची खलबतं चालली होती. सेनापती होता ब्रुन्सविकचा ड्यूक कार्ल विल्हेल्म फर्डिनांड. ९ ऑक्टोबरला त्याला ७१ वर्षं पूर्ण झाली. हे युद्ध त्याला मनापासून नको होतं. त्याच्यासोबत फील्डमार्शल म्योलेनडोर्फ, वय ८२. दुसऱ्या फौजेचा प्रमुख होहेनलोहेचा राजपुत्र. तो ब्रुन्सविकचे हुकूम सल्ल्यासारखे घेत असे. आणि या सगळ्यांच्या वर, छावणीत जातीने हजर, ३६ वर्षांचा राजा फ्रेडरिक विल्यम तिसरा. राजा समोर असल्यामुळे सेनापती पूर्ण सेनापती राहिला नाही, आणि राजाने सेनापतीपद स्वतःकडे घेतलंही नाही. बैठकीमागून बैठका झाल्या, एकामागून एक बेत पुढे आले आणि मागे पडले. तोवर फ्रेंच चालत राहिले.

चार दिवस आधी : १० ऑक्टोबर

झाल्फेल्डला मार्शल लानच्या सैन्याशी गाठ पडली आणि राजपुत्र लुई फर्डिनांड ठार झाला. वय ३३. राजाच्या वडिलांचा चुलतभाऊ, उत्तम पियानोवादक. बेटहोव्हनने आपला तिसरा पियानो कन्चेर्टो त्यालाच अर्पण केला होता. युद्ध मागणाऱ्यांचा तो लाडका नायक होता. पहिल्याच मोठ्या चकमकीत तो गेला आणि सैन्याचा धीर खचला.

१३ ऑक्टोबर, दुपार

ब्रुन्सविकने ठरवलं की मुख्य फौज घेऊन उत्तरेला सरकायचं आणि एल्ब नदी गाठायची. वायमारहून निघालेली ही फौज आउअरश्टेटच्या वाटेला लागली. होहेनलोहेने येनाजवळ मागे राहून पाठ राखायची होती. तिसरा सेनानी र्‍युखेल सुमारे १५,००० सैनिकांसह वायमारपाशी.

येना हे झाले नदीकाठचं विद्यापीठाचं गाव. गावाला लागूनच लान्डग्राफेनबेर्गचा उभा चढ आणि वर पठार. त्या दिवशी लानचे सैनिक चढून पठाराच्या कडेवर पोचले. त्यांच्या मागे दरी, पुढे होहेनलोहेची सगळी फौज. त्या घडीला धडक दिली असती तर त्यांना कड्याखाली लोटता आलं असतं, आणि होहेनलोहेची तशी तयारीही सुरू झाली होती. तेवढ्यात त्याचा मुख्य अधिकारी मासेनबाख मुख्यालयातून परतला. निरोप होता : गंभीर लढाई अंगावर घेऊ नका. होहेनलोहे थांबला. समोर आहे ती फ्रेंचांची बाजूची तुकडी, असं त्याने मनाशी धरलं.

दुपारी नेपोलियन येनात आला. पाहणीसाठी घोड्यावरून गावाबाहेर पडताना त्याला विद्यापीठातल्या एका प्राध्यापकाने पाहिलं. गेओर्ग विल्हेल्म फ्रिडरिख हेगेल त्याचं नाव. आपल्या पहिल्या मोठ्या ग्रंथाचे शेवटचे कागद त्याला प्रकाशकाकडे पोचवायचे होते. घोड्यावर बसलेल्या या एका माणसात जगाचा आत्मा एकवटल्यासारखा वाटला, असं त्याने त्याच दिवशी मित्राला लिहिलं.

१३ ऑक्टोबर, रात्र

नेपोलियनला वाटलं, प्रशियाची मुख्य फौज येनासमोरच आहे. हा अंदाज साफ चुकीचा होता. पण त्या अंदाजावर त्याने जे केलं ते पुरेपूर केलं. तोफा त्या चढावरून वर न्यायच्या होत्या. अंधारात लानच्या तोफांची रांग वाट चुकली आणि एका घळीत घुसली. घळ इतकी अरुंद की पहिल्या गाड्यांचे आस दोन्हीकडच्या दगडांत अडकले. मागे सगळी रांग ठप्प. नेपोलियन तिथे पोचला तेव्हा वरिष्ठ अधिकारी जागेवर नव्हता. त्याने स्वतः हातात कंदील घेतला, अवजारं मागवली, सैनिकांना खडक फोडायला लावलं आणि पहिली गाडी सुटेपर्यंत उजेड धरून उभा राहिला. उजाडेपर्यंत लानचं सैन्य, शाही गार्ड आणि तोफा पठाराच्या कडेवर दाटीवाटीने उभ्या होत्या.

होहेनलोहे कापेलेनडोर्फच्या गढीत झोपला होता.

तिकडे आउअरश्टेटला ब्रुन्सविकची आघाडीची डिव्हिजन संध्याकाळी पोचली आणि थांबली. काही किलोमीटर पुढे कोझेनची खिंड आणि झाले नदीवरचा पूल होता. पूल हातात असता तर फ्रेंचांना नदी ओलांडणं महाग पडलं असतं. तो घ्यायला कुणी गेलं नाही. रात्री फ्रेंच शिपायांनी तो ताब्यात घेतला.

१४ ऑक्टोबर, पहाटे ३

नाउम्बुर्गमध्ये मार्शल डाव्हूला हुकूम मिळाला : आपोल्डाकडे कूच करून शत्रूच्या पिछाडीवर या. डाव्हू ३६ वर्षांचा. प्रशियाच्या राजाहून तीन महिन्यांनी मोठा. दूरचं नीट न दिसणारा, चष्मा लावणारा, शिस्तीला अत्यंत कडक. हुकुमात पुढे असंही होतं की मार्शल बेर्नादोत तिथेच असेल तर दोघांनी मिळून निघायला हरकत नाही. पण तो डोर्नबुर्गला पोचला असेल अशी आशा आहे. बेर्नादोत नाउम्बुर्गमध्येच होता. डाव्हूने एकत्र जाण्याचा आग्रह धरला. बेर्नादोतने हुकुमावर बोट ठेवलं आणि डोर्नबुर्गचा रस्ता धरला. त्या दिवशी तो दोन्हींपैकी एकाही लढाईत उतरला नाही.

डाव्हू सुमारे २६,००० सैनिक आणि ४४ तोफा घेऊन निघाला. समोर राजा आणि ब्रुन्सविकची ६०,००० हून मोठी फौज होती. दोघांनाही एकमेकांचा नीट पत्ता नव्हता.

सकाळी ६ ते ९ : येना

दाट धुकं. काही पावलांपलीकडचं दिसेना. सहाच्या सुमारास लानच्या तुकड्या धुक्यातच पुढे सरकल्या. समोर प्रशियाच्या टाउएनत्सिएनचे सैनिक होते. त्यांनी क्लोझेवित्झ आणि आजूबाजूची खेडी जमेल तेवढी धरून ठेवली, मग मागे हटले. फ्रेंचांना पसरायला जागा मिळाली. डावीकडून मार्शल ओझरो आणि उजवीकडून मार्शल सूल्त पठारावर चढू लागले.

तोफांचा आवाज कापेलेनडोर्फला ऐकू येत होता. होहेनलोहेने सुरुवातीला त्याला फारसं महत्त्व दिलं नाही. खरं काय चाललंय हे उमगल्यावर त्याने वायमारला र्‍युखेलकडे स्वार पाठवला : मदतीला या.

सकाळी ७ ते ९ : आउअरश्टेट

डाव्हूची पहिली डिव्हिजन, जनरल ग्यूदाँची, कोझेनचा पूल ओलांडून हासेनहाउझेन गावाशी पोचली. धुक्यातून अचानक प्रशियाचं घोडदळ समोर आलं. त्याचा प्रमुख ब्लुखर, वय ६३, रक्त अजून तापट. पायदळाची वाट न पाहता त्याने हल्ला चढवला. फ्रेंचांनी चौकोनी रचना केल्या : चारी बाजूंना संगिनी, मध्ये अधिकारी. डाव्हू एका चौकोनातून दुसऱ्यात जात सैनिकांना धीर देत होता. ब्लुखरचे घोडेस्वार परत परत आले आणि परत परत फुटले. त्याचाही घोडा पडला. एवढ्यात फ्रिआँची दुसरी डिव्हिजन येऊन ग्यूदाँच्या उजवीकडे उभी राहिली.

या घडीला हासेनहाउझेनच्या डावीकडे फ्रेंच फार विरळ होते. प्रशियाने सगळं बळ तिथे लावलं असतं तर डाव्हूची रांग गुंडाळली गेली असती. प्रशियाच्या डिव्हिजन्स मात्र एकेक करून रस्त्याने येत होत्या आणि एकेक करून लढाईत पडत होत्या.

सकाळी १० च्या आधी : दोन डोळे

ब्रुन्सविक स्वतः ग्रेनेडिअर सैनिकांना पुढे नेत होता. एक गोळी आली आणि दोन्ही डोळे घेऊन गेली. त्याला रणांगणावरून हलवलं. (१० नोव्हेंबरला हाम्बुर्गजवळच्या ओटेनझेनमध्ये तो मरण पावला.) त्याच सुमारास डिव्हिजनचा प्रमुख श्मेटाउही प्राणांतिक जखमी झाला.

आता हुकूम कुणाचा? ब्रुन्सविकचा मुख्य अधिकारी शार्नहोर्स्ट डाव्या बगलेवर लढत होता. त्याला बातमी वेळेत कळलीच नाही. राजा मैदानावर होता. तो भित्रा नव्हता. त्याच्या मांडीखालचा घोडा गोळीने पडला तरी तो आघाडीजवळ राहिला. पण त्याने ना स्वतः सूत्रं हातात घेतली, ना दुसऱ्या कुणाकडे दिली. दिवसाच्या ऐन मध्यावर दुपटीहून मोठ्या फौजेला सेनापती नव्हता. ती जागा कुणी भरलीही नाही.

सकाळी १० ते दुपारी १ : फिअरत्सेनहायलिगेन

येनाकडे धुकं विरळलं. मार्शल ने याला धीर धरवेना. हुकूम नसताना तो काही हजार सैनिक घेऊन मध्येच घुसला, एकटा पडला, घोडदळाच्या वेढ्यात सापडला. त्याला सोडवायला लानला धावावं लागलं. फ्रेंचांचीही चूक झाली, आणि ती मोठी होती. पण ती निस्तरायला मागचे सेनानी आपणहून पुढे आले.

या गोंधळात फ्रेंचांनी फिअरत्सेनहायलिगेन हे खेडं धरलं. होहेनलोहेने ग्रावेर्टच्या पायदळाला खेड्यासमोर उभं केलं. फ्रेडरिकच्या काळातल्या कवायतीप्रमाणे रांगा सरळ, पावलं एकसारखी; बघणाऱ्याला अभिमान वाटावा अशी चाल. खेड्यापासून गोळीच्या टप्प्यात रांग थांबली. पुढचा हुकूम हवा होता : घुसा.

तो आला नाही. र्‍युखेल येईपर्यंत थांबायचं, असं होहेनलोहेने ठरवलं. जवळजवळ दोन तास हजारो शिपाई मोकळ्या शेतात उभे राहिले. समोर बागांच्या भिंती, कुंपणं, घरांच्या खिडक्या. प्रत्येक आडोशामागे एक फ्रेंच नेमबाज, जो सावकाश नेम धरत होता. प्रशियाचे सैनिक हुकमानुसार एकदम फैरी झाडत होते, त्या भिंतींवर आदळत होत्या. रांगेत एक जण पडला की शेजारचा सरकून जागा भरत होता, कारण शिकवलं तेच होतं. काही ठिकाणी रांगच उरली नाही, तुरळक माणसं उरली. ती भरत नि झाडत राहिली. इतका धीर मी दुसऱ्या कुठल्या हकिगतीत क्वचितच वाचला आहे. आणि तो इतका वायाही क्वचितच गेला असेल.

दुपारच्या सुमारास : आउअरश्टेट

मोराँची तिसरी डिव्हिजन डाव्हूच्या उघड्या डाव्या बगलेवर वेळेत पोचली. राजाचा भाऊ विल्हेल्म याने घोडदळ घालून पाहिलं; तेही चौकोनांवर फुटलं. ओरानिएनच्या राजपुत्राची ताजी डिव्हिजन आली, तर ती दोन तुकडे करून दोन बगलांना वाटली गेली. कुठेच पुरी पडली नाही.

मागे काल्कराइटच्या हाताखाली दोन राखीव डिव्हिजन्स होत्या. त्यांनी दिवसभरात जवळपास बंदूक उचलली नव्हती. डाव्हूकडे आता राखीव शिपाई उरला नव्हता. ब्लुखर राखीव दल घेऊन पुन्हा तुटून पडायला उत्सुक होता. राजाने ऐकलं आणि माघारीचा निर्णय दिला : होहेनलोहे आणि र्‍युखेलला जाऊन मिळू, उद्या पुन्हा लढू. त्या दोघांचं काय झालंय हे त्याला ठाऊक नव्हतं.

दुपारी १ ते ४ : येना

नेपोलियनकडे आता पुरेसे सैनिक जमले होते. त्याने सगळ्या आघाडीवर एकदम चढाईचा हुकूम दिला. दोन तास झिजलेली रांग मोडली. मार्शल म्युराचं घोडदळ आत घुसलं. अडीचच्या सुमाराला माघारीची दाणादाण झाली.

नेमका याच वेळी र्‍युखेल कापेलेनडोर्फला पोचला. वायमारहून अंतर फार नव्हतं, तरी तो दुपार उलटल्यावर आला. पळत येणाऱ्या फौजेला वाट देऊन तिच्या मागे भिंत म्हणून उभं राहणं त्याला शक्य होतं. त्याने चढाई केली, तीही चढावर, जिंकलेल्या फौजेवर. थोड्याच वेळात त्याचे सैनिक उधळले आणि तो स्वतः गंभीर जखमी झाला. चार वाजता येनाच्या पठारावर लढाई उरली नव्हती.

संध्याकाळ

आउअरश्टेटहून निघालेली फौज वायमारकडे येत होती, येनाहून पळालेली वायमारहून बाहेर पडत होती. आपोल्डात फ्रेंच आधीच पोचल्याचं राजाला कळलं आणि त्याने मार्ग बदलला. अंधारात दोन्ही फौजांचे लोंढे एकमेकांत मिसळले. तोफा, सामानाच्या गाड्या, जखमी, बिनस्वाराचे घोडे. आउअरश्टेटचे सैनिक माघारीला निघाले तेव्हा अजून फौज म्हणून चालत होते. त्या रस्त्यांवर ते जमाव झाले.

वायमारमध्ये लुटालूट सुरू झाली. कवी गटेच्या घरात रात्री फ्रेंच शिपाई शिरले. घर सांभाळलं ते त्याच्यासोबत वर्षानुवर्षं लग्नाशिवाय राहणाऱ्या क्रिस्टिआने वुल्पिउसने. पाच दिवसांनी, १९ ऑक्टोबरला, गटेने तिच्याशी लग्न केलं आणि अंगठीवर १४ ऑक्टोबर ही तारीख कोरवली.

रात्री नेपोलियनला डाव्हूचा अहवाल मिळाला आणि त्याला प्रथम खराच वाटेना. दिवसभर तो ज्यांच्याशी लढला ती प्रशियाची पिछाडी होती. राजा, सेनापती आणि मुख्य फौज डाव्हूने एकट्याने अंगावर घेतली होती. डाव्हूचे सुमारे ७,००० सैनिक पडले, म्हणजे चारांतला एकाहून अधिक. प्रशियाचे आउअरश्टेटला मिळून सुमारे १३,००० मारले, जखमी किंवा पकडले गेले. येनाला त्याहून बरेच जास्त. अधिकृत बातमीपत्रात नेपोलियनने आउअरश्टेटला येनाच्या उजव्या बगलेची लढाई करून टाकलं.

पुढचे पंचवीस दिवस

१६ ऑक्टोबरला एरफुर्ट पडलं. म्योलेनडोर्फ कैद झाला. बर्लिनच्या भिंतींवर गव्हर्नरने सूचना लावली : राजा एक लढाई हरला आहे, आता नागरिकांचं पहिलं कर्तव्य शांत राहण्याचं. २५ तारखेला डाव्हूचं सैन्य बर्लिनमध्ये शिरलं. पहिला मान नेपोलियनने त्यालाच दिला. २८ ला होहेनलोहेने प्रेन्झलाउला शरणागती पत्करली. २९ ला श्टेटिनचा किल्ला, आत हजारो सैनिक असताना, फ्रेंच जनरल लासालच्या काहीशे हुसार घोडेस्वारांपुढे उघडला गेला. ७ नोव्हेंबरला ल्युबेकजवळ ब्लुखरही शरण गेला, तर ८ तारखेला मॅग्डेबर्गच्या सुमारे २२,००० सैनिकांनी हत्यारं ठेवण्याचं मान्य केलं. ९ जुलै १८०७ च्या टिल्झिटच्या तहात प्रशियाने निम्मं राज्य गमावलं.

त्या दिवशी मैदानावर असलेल्या काहींनी या अनर्थाचा विचार मुळापासून केला. शार्नहोर्स्ट सैन्यसुधारणा समितीचा प्रमुख झाला. झाल्फेल्डला जखमी झालेला ग्नायझेनाउ तिच्यात आला. आउअरश्टेटला लढून पुढे कैद झालेला तरुण क्लाउझेवित्झ या मंडळींबरोबर काम करू लागला. १८०७ मध्ये भूदासत्व रद्द करणारा हुकूम निघाला. १८०८ मध्ये शिपायांना फटक्यांची अपमानकारक शिक्षा बंद झाली आणि अधिकारपद जन्मावरून न देता शिक्षणावर व कर्तबगारीवर द्यायचं ठरलं. पुढे याच सैन्यात अधिकाऱ्याला परिस्थिती पाहून स्वतः निर्णय घ्यायला शिकवण्याची परंपरा रुजली.

या सुधारकांना जे कळलं ते आजही जपण्यासारखं आहे. प्रशियाच्या शिपायाने १४ ऑक्टोबरला आपलं काम चोख केलं. उभं राहा म्हटल्यावर तो मरेपर्यंत उभा राहिला. कमी पडले ते वरचे : ज्याने पूल घेतला नाही, ज्याने सेनापती नेमला नाही, ज्याने मदतीची वाट पाहत हजारोंना भिंतींसमोर उभं केलं. आज्ञाधारक माणसांच्या बळावर चालणाऱ्या कुठल्याही व्यवस्थेत ठरवण्याची जबाबदारी वरच्यांवर दुपटीने येते. ती त्यांनी टाळली की तिची किंमत खालचे मोजतात, आणि येनाच्या पठारावर ती माणसांच्या जिवांनी मोजली गेली.